कूलर भरायची वेळ

संध्याकाळचे साडेपाच वाजत आले की माझं कशात लक्ष लागत नाही. बाराही महिने नाही, एप्रिलच्या अखेरीपासून जून सरेपर्यंत. हातात काय असेल ते खाली ठेवून मी उठते, जिन्याखालच्या बोर्डापाशी जाते आणि अख्ख्या घराचा मेन स्विच खाली ओढते. पंखे रेंगाळत थांबतात, फ्रीजची गुरगुर बंद होते, टीव्हीवर बातम्या देणाऱ्या बाईचं वाक्य अर्ध्यात तुटतं. मग मी राजेशला, म्हणजे माझ्या नवऱ्याला, ओरडून सांगते, "भर आता." तो अंगणात जाऊन खिडकीतल्या कूलरमध्ये पाण्याचा पाईप सोडतो. "नुसतं कूलरचं बटन बंद केलं तरी भागतं हो मास्तरीणबाई," असं तो दर उन्हाळ्यात एकदा तरी म्हणून घेतो. भागतं, मला ठाऊक आहे. मी सातवीच्या वर्गाला विज्ञान शिकवते. पण माझं भागत नाही, त्याला मी काय करू?

यंदाही कूलर माळ्यावरून उतरला. गवताच्या ताट्या बदलणारा माणूस येऊन गेला. नव्या ताट्यांवरून पहिलं पाणी वाहिलं आणि तो ओलसर, जरासा कडवट वास घरभर पसरला. लोकांना त्या वासाने बरं वाटतं. मला चार वर्षांपूर्वीचा माहेरचा, वर्ध्याचा उन्हाळा आठवतो आणि मी उगाचच घड्याळाकडे पाहते.

ज्यांनी आमच्याकडचा मे पाहिलेला नाही, त्यांना कूलर नीट समजावून सांगावा लागतो. एक लोखंडी पत्र्याची पेटी. तिन्ही बाजूंना गवताच्या ताट्या, आत पंखा, तळाशी पाणी, आणि ते पाणी ताट्यांवर चढवणारी एक छोटीशी मोटर. ही पेटी खिडकीबाहेर लोखंडी घोडीवर ठेवायची. तिचं तोंड घरात आणि पाठ अंगणात. म्हणजे पाणी भरायचं बाहेरून, आणि बटन घराच्या आत. सगळी भानगड इथेच आहे. पत्र्यात कुठे वीज उतरली असेल आणि भरणारा माणूस ओल्या पायांनी उभा असेल, तर संपलंच. रोज काही होत नाही, म्हणून माणसं गाफील राहतात. दर उन्हाळ्यात पेपरच्या आतल्या पानावर एका कोपऱ्यात बातमी येते, कूलरमध्ये पाणी भरताना. पुढचं मी वाचत नाही. वय मात्र वाचते.

मे महिन्यात आमचं वर्धा दिवसातून दोनदा जागं होतं. सकाळी दहापर्यंत सगळी कामं उरकून घ्यायची, मग दारं लावून घ्यायची. दुपारी रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही, ती नालीच्या ओलीत पोट टेकून पडलेली असतात. साडेपाचला ऊन काही उतरलेलं नसतं, माणसांचा धीर सुटलेला असतो एवढंच. एक दार उघडतं, मग दुसरं. कुणीतरी अंगणातल्या सिमेंटवर बादलीभर पाणी फेकतं, ते चर्र करून वाळतं, की पुन्हा एक बादली. गच्चीवरून वाळलेल्या कुरोड्या-पापड खाली येतात. डोळ्यांपुरती फट ठेवून ओढणी गुंडाळलेल्या मुली स्कूटीवरून क्लासला निघतात. टरबूजवाल्याची गाडी वळणावर येऊन थांबते. खुर्च्या बाहेर निघतात, म्हातारी माणसं भिंत अजून किती तापलेली आहे ते हाताने पाहून मगच तिला टेकतात. दिवस संपत आला, आजचं ऊन आपण काढलं, असं प्रत्येकाच्या तोंडावर दिसत असतं.

आणि याच वेळी, पवनारच्या रस्त्यापासून आत असलेल्या आमच्या त्या गल्लीत, घराघरासमोर एकच संवाद चालू होतो. अंगणातला माणूस हातात पाईप धरून ओरडतो, "बंद केलं का?"

आतून आवाज येतो, "केलं!"

"पक्कं केलं का?"

"केलं न बाप्पा, किती डाव सांगू?"

ही सवय गल्लीला माझ्या बाबांनी लावली होती. बाबा वीज खात्यात लाईनमन होते. अख्खी नोकरी खांबांवर गेली. पूर्ण गल्ली त्यांना काकाजी म्हणते. नवा भाडेकरू आला की तिसऱ्या-चौथ्या दिवशी बाबा त्याच्या दारात जाऊन उभे राहत आणि विचारत, "कूलर आणला का? भरते कोण?" मग बटन बंद केल्याशिवाय पाईप हातात घ्यायचा नाही, पायात रबरी चप्पल पाहिजे, पत्र्याला आधी उलट्या हाताची बोटं लावून पाहायची, हे सगळं त्याच्याकडून वदवून घेत. सुलट हात लावला आणि करंट असला, तर मूठ आवळते आणि सुटत नाही. उलटा हात झटक्याने मागे येतो. मला अक्षरओळख व्हायच्या आधी हे शिकवलेलं होतं.

आमच्या घरी आतून उत्तर द्यायचं काम आईचं. "बंद केलं का?" असं बाबा विचारायचे आणि आई आतून म्हणायची, "केलं जी." पोळी तव्यावर असो की हात पिठात असो, ती उठून बटन बंद करी आणि तेवढंच म्हणे. ते "केलं जी" ऐकल्याशिवाय बाबांनी पाईप कधी हलवला नाही. एकदा आई शेजारी गेली होती, तर ती येईपर्यंत बाबा वीस मिनिटं पाईप धरून अंगणात उभे होते. मी घरात होते. पण मी लहान, माझ्या बोलण्यावर त्यांचा भरवसा नव्हता.

आईला भीती वाटायची की नाही, हे मला तेव्हा कळत नसे. मे महिन्यात दुपार टळता टळता अचानक आभाळ काळवंडायचं, धुळीचं वादळ उठायचं, कुठेतरी झाड तारांवर पडायचं आणि बाबांना बोलावणं यायचं. ते सायकलवर दोर आणि पकड टांगून निघून जात. वारा पडायचा, गल्लीतले लोक खुर्च्या काढून बसायचे, गार झालं म्हणून खूश असायचे. आई तेवढी दारात उभी राहायची. हातातलं एकच ताट पुसत राहायची. सायकलची घंटी ऐकू आली की ताट मांडणीवर ठेवून द्यायची आणि म्हणायची, "हात-पाय धुवा, जेवाले वाढते." मला वाटे, हिला काही वाटतच नाही. आता वाटतं, तिची काळजी बिनआवाजाची होती. माझी मात्र सगळ्या घराला ऐकू येते.

आई त्या उन्हाळ्याच्या आधीच्या थंडीत गेली. बाबा वर्ध्याच्या घरात एकटे राहिले. मी हिंगणघाटला, सासर आणि नोकरी दोन्ही तिथे. अंतर तासाभराचं, पण बाबा यायला तयार नव्हते. "माह्यं घर आहे इथी. मी काऊन येऊ तुह्या घरी?" हे त्यांचं ठरलेलं. शाळेला सुट्टी लागली तशी मी बॅग भरली. राजेश म्हणाला, जा, माझं मी करून घेईन. मी दीड महिन्याचे कपडे घेऊन वर्ध्याला गेले.

बाबांचं थोडं थोडं काही सुटत होतं. दूधवाल्याला दोनदा हाक मारणं, चहा पिऊन झाल्यावर पुन्हा "चहा झाला का वं?" विचारणं, वर्तमानपत्र तेच दुसऱ्यांदा पहिल्यासारखं वाचणं. मी म्हटलं, दुःखात माणूस असं वागतं, होईल ठीक.

पोचल्याच्या दिवशी संध्याकाळी मी स्वयंपाकघरात कांदा चिरत होते. बाहेरून ओळखीची हाक आली, "बंद केलं का?" इतक्या वर्षांनी ती हाक ऐकून मला बरं वाटलं, हे मला स्पष्ट आठवतं. मी हात पुसून उठेपर्यंत ताटीमागे पाणी पडायला लागलं होतं.

पुढच्या खोलीत आले, तर कूलर पूर्ण जोरात चालू होता. बटन खाली. बोर्डावरचा लाल दिवा लागलेला. ताटीच्या फटींतून पलीकडे बाबांचं पांढरं डोकं दिसत होतं. मी बटन बंद केलं आणि अंगणात धावले. बाबा पाणी भरत शांत उभे होते. चपला उंबऱ्यापाशी होत्या.

"बाबा, बटन चालू होतं!"

"नाई. मी विचारलं न."

"कोणाला विचारलं?"

पाईपमधून पाणी चालूच होतं. बाबा खिडकीकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "टाकी भरली वाटते," आणि नळ बंद करायला गेले.

त्या दिवशी माझ्या लक्षात आलं की आई गेल्यापासून हे असंच चाललं असेल. अर्थात थंडीत कूलर नसतो. म्हणजे मार्च-एप्रिलपासून. बाबा सवयीने हाक मारणार, तेवढाच वेळ थांबणार, आणि आतून कुणी काही न म्हणताही त्यांना "केलं जी" ऐकू आलेलं असणार. किती संध्याकाळी असं झालं असेल, याचा मी विचार करू लागले आणि मध्येच सोडून दिला.

दुसऱ्या दिवसापासून मी आतून उत्तर द्यायला तयार राहिले. पण बाबांची वेळच ठरेना. कधी चारला भरायचे, कधी तीनला, मी अंघोळीला गेले की भरायचे, भरलेला कूलर विसरून पुन्हा भरायचे. पाणी वाहून अंगणात चिखल व्हायचा. मी एका कागदावर "आधी बटन" असं मोठ्या अक्षरात लिहून नळापाशी चिकटवलं. संध्याकाळी कागद नव्हता. "माह्या घरात मलेच पाटी लावते का?" बाबा चिडले होते. "खांबावर उभं आयुष्य काढलं, अन् तू मले करंट शिकवून राह्यली?" मी इलेक्ट्रिशियन बोलावला, म्हटलं नवीन काही बसवून देईल, करंट उतरला की आपोआप बंद होणारं. बाबांनी त्याला फाटकावरून परत पाठवला. "ह्या घरची वायरिंग मी केली आहे. तू कोणाचा पोरगा?" तो बिचारा चहासुद्धा न घेता गेला.

मग पाचव्या की सहाव्या दिवशी मी पहिल्यांदा मेन ओढला.

घर एकदम गप्प झालं. बाबा बाजेवर पडले होते, उठून बसले. "लाईन गेली का?"

"हो बाबा. आपल्या फेजची गेली वाटतं."

ही थाप मला कशी सुचली ते सांगते. गल्लीत विजेच्या तीन तारा, म्हणजे तीन फेज, येतात आणि एकेका तारेवर काही काही घरं जोडलेली असतात. एका तारेची वीज गेली तर शेजारी उजेड आणि आपल्याकडे अंधार, असं होऊ शकतं. लाईनमनच्या पोरीला एवढं कळतं. बाबा अंगणात गेले, कपाळावर हात धरून कोपऱ्यातल्या खांबाकडे पाहिलं, मग आजूबाजूच्या घरांकडे पाहिलं. पाईप घेतला, कूलर भरला, नळ बंद केला आणि आत ओरडून म्हणाले, "झालं!" पाच मिनिटं जाऊ देऊन मी मेन चढवला आणि खोटं खोटं म्हटलं, "आली बाबा, आली!"

त्या दिवसापासून रोज साडेपाचला आमच्या घरची लाईन जाऊ लागली. नवल म्हणजे बाबांचं भलत्या वेळी कूलर भरणं थांबलं. मी ते माझं नशीब समजले. तरी दुपारभर पुढच्या खोलीत वह्या तपासण्याचं निमित्त करून बसून राहायची. कुठे नळाचा आवाज आला, शेजारच्या घरातला का असेना, की लाल पेन तिथेच टाकून खिडकीशी.

सहा ते सात हा दिवसातला सगळ्यात चांगला तास होता. कूलर भरलेला, धोका संपलेला. बाबा आणि मी अंगणात खुर्च्या टाकून बसायचो. पायाखालचं सिमेंट ओलं, वरून गरम हवा. स्टेशनकडून गाडीची शिटी यायची. कधी मोठ्या रस्त्यावरून सेवाग्रामच्या दवाखान्याकडे जाणाऱ्या रुग्णवाहिकेचा आवाज यायचा, तेव्हा गल्लीतले सगळे क्षणभर बोलायचे थांबायचे आणि मग पुन्हा टरबूज गोड निघालं की नाही याच्यावर यायचे. माझं मन मात्र त्या आवाजामागे लांबपर्यंत जायचं. कुणाच्या घरी आज आतून उत्तर आलं नसेल, असं वाटायचं. बाबा मांडीवर हात ठेवून बसलेले असायचे. मी त्यांच्या बोटांकडे पाहायची. सगळी आहेत, असं मोजून घ्यायची. हसू नका.

समोर मंगला काकू राहतात. आईच्या वयाच्या, जिभेच्या तिखट, मनाच्या चांगल्या. एक दिवस त्यांनी फाटकावर हात ठेवून विचारलंच, "का वं नंदा, आमची लाईन नाई जात अन् तुमचीच काऊन जाते रोज?"

मी पायाच्या अंगठ्याकडे पाहू लागले. माझ्याआधी बाबा बोलले, "फेजचा लोचा आहे, मंगला. खांबावरचा जंपर, तो तारेचा जोड, ढिला झाला असन."

"मंग ऑफिसात सांगा न काकाजी. तुमच्या हाताखालची पोट्टे आहेत सारे."

"सांगतो न. त्यायले बी कामं राह्यतात."

काकू गेल्या. माझे कान गरम झाले होते. ज्या माणसाने या गल्लीतल्या प्रत्येक घरी वीज नेली, त्याला मी दारात बसून भलतंच पटवत होते, आणि तो तेच चार लोकांना खरं म्हणून सांगत होता. एखाद्या लहान मुलाला फसवावं तसं. पण दुसऱ्या दिवशी साडेपाच वाजले आणि मी पुन्हा बोर्डापाशी गेलेच.

मग वैशाखी पौर्णिमा आली. बुद्धजयंती म्हणजे आमच्या गल्लीचा वर्षाचा मोठा दिवस. सकाळी विहारात वंदना, दिवसभर खिरीची तयारी, आणि दिवस मावळला की प्रत्येक घरावर दिव्यांच्या माळा. बाबांनी दुपारपासून पांढरा सदरा आणि पांढरा पायजमा घालून ठेवला होता. आमच्या घरावरची माळ त्यांनी स्वतः बांधली होती, मी शिडी धरून खाली उभी, जीव मुठीत. साडेपाचला मी मेन ओढला, बाबांनी कूलर भरला. एवढ्यात विहारातून निरोप आला की खीर वाटायला बायका कमी आहेत. मी पातेलं उचललं आणि तशीच गेले. मेन चढवायचा राहून गेला.

वाढता वाढता माझ्या लक्षात आलं तेव्हा बाहेर दिवेलागण झाली होती. मी पदर खोचून घराकडे निघाले. गल्ली दोन्ही बाजूंनी झगमगत होती. निळे, पिवळे, पांढरे दिवे. मध्ये आमचं एकच घर अंधारात. अंगणात खुर्चीवर पांढऱ्या कपड्यांत बाबा बसलेले, पायाशी दोन मेणबत्त्या लावलेल्या. जाणारा-येणारा थांबून विचारत होता, "काकाजी, आज बी गेली का?" आणि बाबा प्रत्येकाला हात जोडून जय भीम घालून सांगत होते, "हाव न. फेज गेला. येईन थोड्या वेळात."

मी त्यांच्याकडे न पाहता आत गेले आणि मेन चढवला. माळ लागली. बाहेरून मुलांनी टाळ्या वाजवल्या. मी जिन्याखाली उभी राहून रडले. बाबांना फसवल्याबद्दल रडले, की उद्याही फसवणारच आहे म्हणून, ते सांगता येणार नाही.

आता बाबा आमच्याकडे असतात, हिंगणघाटला. पुढच्याच हिवाळ्यात आले, न भांडता. दिवसभर पुढच्या खोलीत बसून असतात. माझं नाव बहुतेक वेळा बरोबर घेतात. राजेश कूलर भरतो तेव्हा कधी खिडकीकडे पाहतात, कधी नाही. हल्ली पाईपला हात लावायची त्यांना इच्छाच नाही, तेव्हा माझी भीती जायला हवी होती. पण भीतीची एकदा वेळ ठरून गेली की ती आपल्या वेळेवर येते, कारण असो वा नसो. मी ते राजेशला समजावू शकत नाही. वर्गातल्या मुलांना तर नाहीच.

त्या उन्हाळ्यात, वर्ध्याला, जून उजाडला तसं माझं दिवस मोजणं सुरू झालं. विदर्भात शाळा महिन्याच्या शेवटाला उघडतात, पण पाऊस कुठे वेळेवर येतो? मृग कोरडा गेला. ऊन तेच. मी गेल्यावर साडेपाचला काय होणार, हा एकच विचार. मंगला काकूंना सांगावं, तर बाबांची गोष्ट गल्लीभर होणार. कूलर काढून ठेवावा, तर घर भट्टीसारखं. बाबांना म्हटलं, चला माझ्याबरोबर. म्हणाले, "तुह्या सासरी मी काय करू?" झालं.

शाळा उघडायच्या आदल्या दिवशी मी संध्याकाळी निघायचं ठरवलं. मुद्दामच. शेवटचा कूलर माझ्यादेखत भरला जावा म्हणून. बॅग दारात ठेवली, ऑटोवाल्याला सहाची वेळ दिली आणि साडेपाचला बोर्डाकडे निघाले.

"बस," बाबा म्हणाले. ते बाजेच्या कडेला बसले होते. "आज राहू दे."

"काय राहू दे?"

"मेन."

मी होते तिथेच उभी राहिले. बाहेर गल्लीत ओरडा सुरू झाला होता. बंद केलं का? केलं! कुणाच्या तरी पाईपचं पाणी आमच्या फाटकावर उडालं.

"तुम्हाला कधी कळलं?"

"पह्यल्याच दिवशी. मंगलाचं घर अन् आपलं घर एकाच फेजवर आहे. मीच जोडून देलती तिची लाईन. तिचा कूलर घरघर करून राह्यला होता, अन् तू म्हणते फेज गेला." बाबा हसले. कितीतरी दिवसांनी त्यांना असं हसताना पाहिलं. "लाईनमनची पोरगी अन् अशी थाप?"

"मग बोलला का नाहीत? मी रोज... त्या पौर्णिमेला तुम्ही अंधारात बसून राहिलात."

बाबा गुडघ्यावर हात फिरवत राहिले. मग म्हणाले, "नंदा, मी विचारतो न, बंद केलं का म्हणून. मले वाटते तिनं सांगतलं. खरंच ऐकू येते मले. ती नाई आहे हे पाणी सोडल्यावर ध्यानात येते. तू मेन बंद केला, की मले पक्कं मालूम राहे. मंग मी पाईप घेत होतो. तू मेन ओढाले लागल्यावर, मेन जाच्या आधी एक दिवस बी घेतला का? पाह्य आठवून."

मी आठवून पाहिलं. नव्हता घेतला. महिनाभर मी खिडकीशी बसून ज्यांच्यावर पहारा करत होते, ते माझी वाट पाहत बसले होते.

"तुले भीती वाटत होती," बाबा म्हणाले. "मले बी वाटत होती. म्हटलं चालू दे."

"बाबा, चला ना माझ्याबरोबर. आज नाही तर रविवारी घ्यायला येते."

"पाहू," ते म्हणाले. पहिल्यांदाच नाही म्हणाले नव्हते. बाहेर ऑटोने हॉर्न दिला.

फाटकापर्यंत ते आले. बॅग त्यांनी स्वतः ऑटोत ठेवली. मी बसले तेव्हा सदऱ्याच्या खिशातून काहीतरी काढून माझ्या तळहातावर ठेवलं आणि माझी बोटं मिटवली. चिनी मातीचा पांढरा फ्यूज होता. कूलरच्या लाईनचा, बोर्डातून काढलेला.

"खांबावर चढाच्या आधी आम्ही खालचा फ्यूज काढून खिशात ठेवत होतो," बाबा म्हणाले. "तो खिशात असला की मंग कोणी चुकून बी लाईन चालू नाई करू शकत. हा तुह्यापाशी राहू दे."

"आणि तुम्ही? एवढ्या गरमीत कूलरशिवाय?"

"पाऊस येईनच न आता. जाय, गाडी निघून जाईन."

ऑटो सुटला आणि गल्लीच्या तोंडाशी अडकला. पाण्याचा टँकर आडवा उभा होता आणि त्याच्याभोवती बादल्यांची रांग. असा फ्यूज कोणत्याही दुकानात मिळतो, बाबांना तो बसवायला दोन मिनिटं लागत नाहीत, हे मला माहीत होतं. त्यांनाही माहीत होतं. मी मूठ उघडली नाही. दुसऱ्या हाताने फोन काढला आणि त्यांचा नंबर लावला. काय बोलायचं ते ठरलं नव्हतं, नुसता आवाज ऐकायचा होता. मी मान वळवून मागे पाहिलं. बाबा फाटकाशीच उभे होते, पाठीमागे बंद पडलेला कूलर. त्यांनी खिशातून फोन काढला, लांब धरून पाहिला आणि कानाला लावला.

"हाव नंदा," ते म्हणाले. "पोहोचली का हिंगणघाटले?"

टँकर अजून हलला नव्हता. बाबा मला स्पष्ट दिसत होते, उन्हामुळे डोळ्यांवर हात धरून ते विरुद्ध बाजूला, रस्त्याच्या दुसऱ्या टोकाकडे पाहत होते.

"हो बाबा," मी म्हटलं. "पोहोचले."